खरवडलेली वाट

१२ जानेवारी

ती. ताईस,
कृ. सा. न. वि. वि.

तुझं पत्र पोचलं. डोळ्याचं ऑपरेशन नीट झालं आणि आता तुला समोरच्या गच्चीवर वाळत घातलेल्या कपड्यांची भोकंसुद्धा मोजता येतात, हे वाचून बरं वाटलं. शेजाऱ्यांना मात्र सांगून ठेव, नाहीतर बिचारे गाफील राहायचे.

दाव्याचा निकाल लागला. आपण जिंकलो. तुला पहिल्यापासून लिहितो, कारण फोनवर निम्मं तुला ऐकू येत नाही आणि उरलेलं निम्मं मी बोलत नाही, ही तुझीच तक्रार.

आपल्या भिंतीलगतची चार हातांची बोळ तुला माहीतच आहे. रस्त्यावरून आपल्या आवारातून मागे बाइंडरांच्या वह्या-पुस्तकं बांधायच्या कारखान्यापर्यंत जाते ती. चिरंजीवांना तिथे फ्रीज दुरुस्तीची शेड घालायची होती. त्यांनी मोजणी खात्यातून नकाशा काढला, तर त्यात वाट नाहीच. मग त्यांनी फाटक बसवून कुलूप घातलं. बाइंडरांनी दावा लावला, की दोन पिढ्यांची वहिवाट आहे. आपलं म्हणणं, वहिवाट कसली, आम्ही शेजारधर्म म्हणून जाऊ देत होतो. परवानगीनं चाललेल्या पावलांचा हक्क होत नाही, असं आपल्या वकिलांनी मांडलं. तू सही करून पाठवलेला जबाबही कामी आला.

त्यांच्या वकिलानं बरेच कागद आणले होते, पण ऐन वेळी बाइंडरच उभे राहिले आणि माझ्याकडे हात करून म्हणाले की ही गल्ली मोजणीदार साहेबांनी स्वतः मोजलेली आहे, ते सांगतील ते मला मान्य. म्हणून मला बोलावलं. मी सांगितलं, नकाशात आहे तेवढंच खरं. मग तीस-पस्तीस वर्षं हे लोक जात कसे होते, असं विचारलं. मी म्हटलं, आमच्या परवानगीनं. दहा मिनिटांत खाली उतरलो. न्यायाधीशांनी नकाशाच्या सुबक कामाचं कौतुक केलं.

परवा सकाळी बाइंडर घरी आले होते. खुर्चीत टेकले नाहीत. म्हणाले, "या वयात तुम्हाला कोर्टाची पायरी चढायला लावली, माफ करा. मलाच चुकीचं आठवत असेल." मी म्हणालो, असू द्या.

बाकी ठीक. झोप थोडी कमी झाली आहे, वयच ते. डोळ्यात औषध वेळेवर घाल. आयुष्यभर दुसऱ्यांना दटावलंस, आता स्वतःला दटाव. लोभ आहेच, तो आटू देऊ नकोस.

तुझा
धाकटा


२१ जानेवारी

चि. धाकट्यास,
अ. उ. आ.

पत्र मिळालं. दोनदा वाचलं. जिंकल्याची बातमी कोणी अशी लिहितं होय? मला वाटलं, घरात कोणी आजारी आहे. चाळीस वर्षं वॉर्डात काढली मी. "बाकी ठीक, झोप थोडी कमी" म्हणणारा पेशंट मी कधी तसाच सोडला नाही.

त्या जबाबाचं सांगते. भाच्याचं दोन वर्षांनी पत्र आलं, तेही "प्रिय आत्या" करून. मी हुरळले. तेव्हा डोळ्यांवर जाळं होतं. वरच्या मजल्यावरच्या मुलीनं जागा दाखवली, तिथे सही ठोकली. आतला मजकूर विचारला नाही. ऑपरेशननंतर पट्टी निघाली आणि टेबलावर त्याची प्रत पडली होती, ती वाचली. "माझ्या लहानपणापासून शेजारी आमची परवानगी घेऊनच ये-जा करत असत." नवी नजर आली आणि पहिली गोष्ट वाचली ती स्वतःचं खोटं.

कोणाची परवानगी रे? तू लहान होतास, पण मला लख्ख आठवतं. एकदा बाबांनी बोळीत सायकल लावली होती आणि कागदाची हातगाडी अडली. थोरले बाइंडर, म्हणजे यांचे वडील, बाबांना चांगलं खडसावून गेले होते, आणि बाबांनी मुकाट्यानं सायकल उचलली होती. परवानगीनं जाणारा माणूस घरमालकाला रागावतो का?

आणि एक. बाबांच्या पेटीत जुना नकाशा होता. बाबा तो पसरून आपलं घर दाखवायचे. त्यात आपल्या भिंतीला लागून एक तुटक रेघ होती. मी विचारलं होतं, ही अशी तुकड्यातुकड्यांची का? बाबा म्हणाले होते, ही पायवाट.

मग नव्या नकाशातून ती गेली कुठे? नकाशा तर तुझ्याच हातचा.

उत्तर टाळू नकोस. टाळलंस तरी मी विचारत राहीन, मला दुसरं काम नाही. सुनेला आणि नातीला आशीर्वाद.

तुझी
ताई


३० जानेवारी

ती. ताईस,
कृ. सा. न. वि. वि.

तीन वेळा लिहायला बसलो आणि तीन वेळा तुझ्या तब्येतीची चौकशी करून कागद फाडला.

ती रेघ मी काढून टाकली.

चौतीस वर्षं झाली. गावाची फेरमोजणी चालली होती आणि हा भाग माझ्याकडे आला. माझं स्वतःचं घर या भागात आहे, दुसऱ्या कोणाला द्या, असं मी साहेबांना सांगायला हवं होतं. सांगितलं नाही. वाट मोजली, पक्क्या नकाशावर शाईनं रेघही ओढली. आणि चार दिवसांनी जेवणाच्या सुट्टीत, सगळे बाहेर गेल्यावर, दाढीच्या पात्यानं एकेक तुकडा खरवडला. वर चमच्याची पाठ घासून कागद गुळगुळीत केला. अर्धा तासही लागला नाही.

तेव्हा चिरंजीव दोन महिन्यांचे होते. पहाटेपासून हातगाड्यांचा खडखडाट. पोर दचकून उठायचं, ही रात्रभर जागलेली असायची. रोज रडकुंडीला यायची. तिचे हाल बघवत नव्हते. मनाशी म्हटलं, कागदावरून रेघ गेली म्हणून कोणाचे पाय थांबत नाहीत. आणि खरंच थांबले नाहीत. सगळे जात-येत राहिले. मी नोकरी केली, बढती घेतली, निवृत्त झालो. जवळजवळ विसरूनही गेलो होतो.

मुलानं नकाशा आणून जेवणाच्या टेबलावर पसरला, तेव्हा मी तो माझा नसल्यासारखा पाहिला. त्याच क्षणी बोलायला हवं होतं. तो म्हणाला, बाबा, तुमचं काम बघा, एक डाग नाही. इतका अभिमानानं म्हणाला, की मी चष्मा पुसत बसलो.

हे तुझ्यापाशीच ठेव. रागावलीस तरी पत्र बंद करू नकोस.

तुझा
धाकटा


७ फेब्रुवारी

चि. धाकट्यास,
अ. उ. आ.

तुझी बायको जाऊन चार वर्षं झाली. ती उत्तर द्यायला नाही, म्हणून तिच्यामागे लपतोस?

त्या बाळंतपणाला मी तुमच्याकडे दोन महिने होते, विसरलास. पोर रडायला लागलं की ती त्याला उचलून स्वयंपाकघराच्या खिडकीत न्यायची, गाडी दाखवायला. चाकांचा आवाज आला की ते गप्प व्हायचं. गाडी यायला उशीर झाला तर तीच म्हणायची, आज कुठे राहिले हे लोक. पेशंट दुखरी जागा सोडून भलतीकडेच बोट दाखवतो, तसं करू नकोस. खरं कारण लिही. मला नाही लिहिलंस तरी चालेल, स्वतःला सांग.

माझ्यापुरतं मी ठरवलं आहे. माझी सही न वाचता झालेली आहे आणि आतला मजकूर खोटा आहे, असं मी कोर्टाला लिहून पाठवलं आहे. तुला विचारत नाही, कळवते आहे. ते पाकीट घेऊन पोस्टात जाताना माझी मान वर होत नव्हती. पंच्याहत्तर वर्षं "बाई खरं बोलते" एवढंच नाव कमावलं होतं मी.

नाव माझं माझ्या हातानं घालवलं, तुझा दोष नाही. पण तुझी वाट बघते आहे.

ताई


१९ फेब्रुवारी

ती. ताईस,
कृ. सा. न. वि. वि.

कारण लिहितो. वाचून हसू येईल इतकं ते लहान आहे.

फेरमोजणीच्या वेळी मोठे साहेब पाहणीला आले होते. मी बोळीत साखळी टाकून मोजत होतो. थोरले बाइंडर दारात उभे होते. सगळ्यांसमोर म्हणाले की साहेब, यांची साखळी एका कडीनं आखूड आहे, आमच्या दारापर्यंतचं अंतर एवढं नाही. साहेबांनी कड्या मोजायला लावल्या. शंभर हव्यात, नव्व्याण्णव भरल्या. एक कडी तुटली होती आणि मी ती न पाहताच आठवडाभर काम करत होतो. साहेब हसून म्हणाले, कागद चिकटवणाऱ्यानं तुम्हाला पकडलं की. थोरले बाइंडर हसलेही नाहीत. उलट मला पाणी दिलं. पण कचेरीत पुढे वर्षभर मला "नव्व्याण्णव" म्हणत होते. शिपाईसुद्धा.

त्या आठवड्यात मी पातं हातात घेतलं. एवढंच. ना पोराची झोप, ना हिचे हाल.

आता पुढचं. फाटक लागल्यापासून बाइंडरांचा कागद मागच्या अंगानं येतो. तिकडे गटारावर एक फळी टाकलेली आहे, तिच्यावरून गठ्ठे डोक्यावर न्यावे लागतात. परवा एक गठ्ठा निसटून गटारात गेला. मी मागच्या खिडकीतून पाहत होतो. बाइंडर आणि त्यांची बायको एकेक ताव सुटा करून दोरीवर घालत होती. तिचे गुडघे गेले आहेत, ती बसूनच ताव वर देत होती. निम्मे ताव फुकट गेलेले दिसत होते, तरी ती दोघं एकही टाकत नव्हती.

मी चपला घातल्या आणि मागून, त्याच फळीवरून गेलो. बाइंडर पुठ्ठ्याला खळ लावत होते. मला स्टूल दिलं. मी उभ्यानंच सांगितलं: तुमची वाट मी खरवडली, कोर्टात खोटं बोललो. त्यांनी कुंचला थांबवला नाही, खळ वाळते ना. तो पुठ्ठा चिकटवून, वर वजन ठेवून मग हात पुसले.

म्हणाले, "मला कोर्टातच कळलं होतं."

मूळ नकाशा त्यांच्या हातात दिला होता, ओळख पटवायला. त्यांनी भिंतीच्या कडेनं बोट फिरवलं होतं. कागद खरवडला की तिथे लव उठते, वरून कितीही घासली तरी बोटाला लागते, असं म्हणाले. मी विचारलं, मग तिथेच बोलला का नाहीत? म्हणाले, "साक्षीला तुम्ही उभे राहणार होता. म्हटलं, तुम्हीच सांगाल." फडकं खुंटीला अडकवून म्हणाले, "नंतर घरीही आलो होतो."

ताई, ते माफी मागायला आले नव्हते. माझ्यासाठी जागा करून द्यायला आले होते, आणि मी म्हणालो, असू द्या.

मी बसलो नाही. ते मला रागावले असते तर बसलो असतो.

आज जेवताना मुलाला सांगणार आहे. वरच्या कोर्टात लिहून देणार आहे. त्याआधी हे पाकीट पेटीत टाकून येतो.

तुझा
धाकटा


२ मार्च

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

बाबांनी तुला कळवलं असेलच. मला जेवताना सांगितलं. माझी पाच वर्षांची मुलगी शेजारी बसली होती, तिनं विचारलं की आजोबा, तुम्ही चोरी केली का. बाबा हो म्हणाले. मी ताटावरून उठलो.

मला गल्लीत "कुलूपवाला" म्हणतात. मी ऐकून घेतलं, कारण माझ्याजवळ बाबांच्या हातचा नकाशा होता. बाइंडरकाकांनी शाळेत असताना माझ्या प्रत्येक वहीला पुठ्ठा घालून दिला आहे. त्यांना मी वकिलाकरवी भर कोर्टात खोटारडे म्हणवलं. मी भांडलो ते बाबांच्या अक्षरावर विश्वास ठेवून. नकाशात वाट दिसली असती तर मी शेडचं नावही काढलं नसतं. मला त्यांनी एका शब्दानं अडवायचं होतं, आणि ते चष्मा पुसत बसले.

कुलूप मी त्याच दुपारी काढलं. काकांना समोरून भेटायचं धैर्य झालं नाही. कारखाना बंद असताना गेलो आणि किल्ली दारात ठेवून आलो.

आम्ही तिघं दुकानाजवळ दोन खोल्या बघून राहायला चाललो आहोत. बाबांना डबा मिळेल, त्याची काळजी करू नकोस. पण रोज त्यांच्यासमोर बसून जेवणं मला जमणार नाही. तू सही मागे घेतलीस ती मला आधी सांगून घेतली असतीस तर बरं झालं असतं.

तुझा
भाचा


९ मार्च

चि. भाच्यास,
अ. आ.

तुझा राग मला पटतो. बापाची बाजू मी घेणार नाही, त्याला बाजूच नाही.

आधी सांगायला हवं होतं, चुकले. पण तू मला सहीचा कागद पाठवलास, तेव्हा माझे डोळे अधू आहेत हे तुला ठाऊक होतं. फोन करून "आत्या, यात असं असं लिहिलंय, हे खरं आहे ना?" असं विचारावंसं का नाही वाटलं? मी तुला कधीच विचारलं नाही, कारण "प्रिय आत्या" वाचून खूश झाले होते. तू मला विचारलं नाहीस, कारण उत्तर काय येईल याची धाकधूक तुलाही असावी. हे लिहायला मला जड जातंय, तुला वाचायला जाईल.

बाइंडरांना समोर जाऊन भेट. किल्लीनं ते काम होत नाही.

मुलीला पापा. मायेत अंतर पडू देणार नाही, तूही देऊ नकोस.

तुझी
आत्या


२८ नोव्हेंबर

ती. ताईस,
कृ. सा. न. वि. वि.

इतके महिने तुला दोन-दोन ओळींची पत्रं टाकली, त्याबद्दल तू मला "तारखात्यातला कारकून" म्हणालीस. आज सविस्तर लिहितो.

वरच्या कोर्टाचा निकाल जुलैत लागला, ते कळवलं होतं. तिथे काय झालं ते लिहिलं नव्हतं. माझा जबाब मलाच मोठ्यानं वाचायला लावला. पात्याचं वाक्य मी पुटपुटलो, तेव्हा न्यायाधीशांनी पाणी द्यायला लावलं आणि पुन्हा त्याच वाक्यापासून वाचायला सांगितलं. वयाकडे पाहून समज देऊन सोडलं. निकालपत्रात माझ्याविषयी एक परिच्छेद आहे. तुला पाठवत नाही. वाट बाइंडरांची, हक्कानं, असा निकाल आहे.

मग नकाशा दुरुस्त करायला खात्यातून माणूस आला. माणूस म्हणजे एक तरुण मुलगी, माझ्या नातीला आत्या शोभेल एवढी. शिकताना आम्हाला तुमचेच नकाशे नमुना म्हणून दाखवत होते, असं तिनं खाली बघत सांगितलं. मी टेपचं दुसरं टोक धरायला पुढे झालो. ती म्हणाली, नको, आमचा मदतनीस धरेल. बरोबर होतं तिचं. मी पायरीवर बसून राहिलो.

फाटक काढायला मुलगा स्वतः आला. माझ्याशी बोलला तो पाना मागण्यापुरता. खांब उपटून खड्डे बुजवले, नंतर बाइंडरांच्या कारखान्यात गेला, आणि बाहेर आला तेव्हा त्याचे डोळे लाल होते. काय बोलणं झालं ते दोघांनीही सांगितलं नाही. हल्ली नातीला रविवारी सोडून जातो, संध्याकाळी नेतो. परवा दहा मिनिटं बसला.

आता जे लिहायला बसलो ते.

कुलूप निघूनही बाइंडर तोवर मागच्या फळीवरूनच जात होते; फाटक निघालं त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी ते कागदाची गाडी घेऊन समोरून आले. मी पायरीवर होतो. बोळीच्या तोंडाशी ते थांबले आणि म्हणाले, "येऊ का?"

मला वाटलं, टोमणा आहे. चेहऱ्याकडे पाहिलं, तसं काही नव्हतं. मी म्हटलं, अहो, वाट तुमची आहे. त्यांनी मान हलवली आणि गाडी आत घेतली. बाहेर पडताना, आणि पुन्हा येताना, तेच. दुसऱ्या दिवशी तेच. आठवडाभरानं मी हात जोडून म्हटलं, विचारू नका हो, मला लाज वाटते. ते म्हणाले, इतकी वर्षं न विचारता गेलो, आणि कोर्टात ऐकलं की परवानगीनं जात होतो. आता विचारलेलंच बरं.

रागानं म्हणाले नाहीत. वखारीतला हिशेबनीस तराजू पुन्हा एकदा तपासून बघतो ना, तसं म्हणाले.

चार महिने झाले, ताई. एक दिवस चुकला नाही. मागच्या आठवड्यात मला ताप होता, उठलो नव्हतो. खिडकीतून पाहिलं तर ते बोळीच्या तोंडाशी गाडीचा दांडा धरून उभे. रस्त्यावरून लोक जात होते, ते उभेच. त्यांची बायको मागून हाक मारत होती, तरी उभेच. मी पांघरूण गुंडाळून दारात गेलो आणि "या" म्हणालो, तेव्हा चाक हललं.

तेव्हापासून मी साडेसातच्या आधी पायरीवर येऊन बसतो. तू मला इकडे ये, महिनाभर राहा, हवापालट होईल, असं लिहितेस. येता येणार नाही. मी गेलो तर त्यांनी कोणाला विचारायचं?

तुझ्याकडे लोभ मागायचं तोंड राहिलेलं नाही, तरी मागतो.

गाडीचा आवाज आला. उरलेलं उद्या लिहितो, ते थांबले असतील.

तुझा
धाकटा